आधी भोंग्याचं ऐकायचं

भंगारवाल्याकडून आणलेली ती खुर्ची म्हणजे कुठल्याशा जुन्या मोटारीतली ड्रायव्हरची सीट होती. खाली दोन रूळ, बाजूला एक लोखंडी दांडा. दांडा वर ओढला की सीट पुढे-मागे सरकायची आणि सोडला की खटकन खाचेत बसायची. एकंदर नऊ खाचा. माझे पाय लांब, त्यामुळे मी ती आठव्या खाचेत ठेवायचो. हे मी मुद्दाम सांगतोय. जन्मभर यंत्रं दुरुस्त केलेल्या माणसाला तपशील सांगितल्याशिवाय चैन पडत नाही, आणि पुढे जे सांगायचंय त्याला तपशिलांखेरीज माझ्याकडे दुसरा पुरावाही नाही.

"एवढं सिंहासन आणलंत, ते बैठकीत का नाही ठेवत?" बायकोनं दारातूनच विचारलं.

"हे विमानाचं आहे."

"अस्सं! मग विमान कधी यायचंय?"

विमान मागच्या खोलीत आलं होतं. तीन स्क्रीन, एक सुकाणू, चार इंजिनांचे चार दांडे, पायाशी दोन पेडल आणि कॉम्प्युटर. घरबसल्या विमान उडवण्याचं सॉफ्टवेअर मिळतं, आणि निवृत्तीनंतर बऱ्याच जणांना त्याचं वेड लागतं. बहुतेक लोक नवी विमानं घेतात. ती इतकी शहाणी असतात की माणसानं फक्त चहा प्यायचा. मी निवडलं होतं ते प्रवासी जेटच्या अगदी पहिल्या पिढीतलं. चार इंजिनं, शेकडो काटे आणि कॉम्प्युटरचा पत्ता नाही. इंजिनाचा दांडा पुढे ढकलला तरी इंजिन सात-आठ सेकंद विचार करायचं आणि मग जोर धरायचं. या विमानाला तीन माणसं लागत. पुढे दोन पायलट आणि त्यांच्या मागे उजव्या हाताला, भिंतभर काट्यांकडे तोंड करून, आडवा बसलेला इंजिनिअर. सात टाक्यांतलं इंधन, वीज, प्रवाशांना लागणारी हवा, सगळं त्याच्या हातात.

माझा दादा त्या तिसऱ्या खुर्चीतला माणूस होता.

माझ्याहून नऊ वर्षांनी मोठा. वडील लवकर गेले, तेव्हा मला शिकवलं, माणसांत आणलं ते त्यानं. त्याला खरं तर पायलट व्हायचं होतं. सगळ्या परीक्षा पास झाला आणि उंचीत नापास झाला. पाय पेडलपर्यंत नीट पोचत नाहीत म्हणाले. मग तो मागच्या खुर्चीत बसला आणि तिथे सव्वीस वर्षं बसला. कामावर सगळे त्याला 'पाऊण' म्हणायचे. तोही हसून म्हणायचा, "अंगानं पाऊण, कामानं सव्वा."

परीक्षेच्या वेळी त्यानं घराच्या फरशीवर खडूनं सगळी काट्यांची भिंत काढली होती. मी यादी हातात घेऊन प्रश्न वाचायचो आणि तो उत्तरं द्यायचा. विमानात तशीच पद्धत असते. एकानं विचारायचं, दुसऱ्यानं हात लावून बघायचं आणि मोठ्यानं सांगायचं. एकट्यानं विचारून एकट्यानंच उत्तर द्यायचं नाही. धोक्याचा भोंगा वाजला तर काय, असं मी वाचलं की तो यादीत नसलेलं एक वाक्य आधी म्हणायचा, "आधी भोंग्याचं ऐकायचं, मग भोंग्याची चौकशी."

पुढे मी इस्पितळातली यंत्रं दुरुस्त करायला लागलो. रुग्णाच्या उशाशी टिकटिक करणारे मॉनिटर, रक्तदाबाची मशीन्स, हे माझं खातं. माझा धर्म नेमका उलटा. दहातले नऊ अलार्म खोटे असतात, म्हणून आधी यंत्राची उलटतपासणी. यावरून आम्ही भाऊ चाळीस वर्षं भांडलो, हसत हसत.

तीन वर्षांपूर्वी दादा इस्पितळात होता. मी उशाशी बसलो होतो. मॉनिटर वाजायला लागला. नर्स उठत होती. मी हात करून म्हणालो, "राहू द्या सिस्टर, सेन्सर सैल आहे." आणि शांतपणे त्याच्या बोटावरची क्लिप काढून पुन्हा लावली. पुन्हा काढून पुन्हा लावली. दीड मिनिट गेलं.

सेन्सर सैल नव्हता.

डॉक्टर म्हणाले, दीड मिनिटानं काही फरक पडला नसता. वहिनी एका शब्दानं बोलली नाही. पण ते दीड मिनिट माझ्या घशात अडकलं ते अडकलंच. दादाला त्या वेळी ऐकू येत होतं का, माझं ते वाक्य त्यानं ऐकलं का, हे मला कुणी सांगू शकणार नव्हतं. मला माफी हवी होती आणि ती देणारा माणूस उरला नव्हता.

वर्षश्राद्ध झाल्यावर वहिनीनं त्याचं जाडजूड पुस्तक आणि तपासणीची यादी माझ्या हातात ठेवली. "भावजी, हे किती वेळा म्हणाले, एकदा येऊन बघ मी काय करतो ते. तुम्हाला कधी सवड झाली नाही." टोमणा नव्हता तो. म्हणूनच जास्त लागला.

म्हणून हा सगळा खटाटोप. मागच्या खोलीत उजव्या बाजूला मी इंजिनिअरची भिंतही उभी केली. भंगारात गेलेल्या मशीनचे खरे खटके लावले, बोटानं दाबले की टक् असा आवाज करणारे. त्यासमोर इस्पितळातलंच एक जुनं स्टूल, गरगर फिरवून उंच-खाली होणारं. स्क्रीनवर उजेड पडायचा म्हणून खोलीच्या एकुलत्या खिडकीला काळा पुठ्ठा ठोकला आणि फटींत स्पंज कोंबला. शेजारच्या न्हाणीघराला स्वतःची खिडकी नाही, मधल्या भिंतीत वर एक जाळी आहे, तिच्यातूनच न्हाणीघराला माझ्या खोलीतली हवा मिळते, हे मला ठाऊक होतं. पण माणूस विमानात बसला की त्याला जाळी आठवते होय?

पहिले दोन महिने मी एकटाच उडत होतो आणि सगळं बिघडवत होतो. पुढे बघावं तर मागे टाक्या रिकाम्या होत, एक पंख जड, एक हलका. पाच तासांच्या प्रवासात मी वीस वेळा उठून स्टुलावर जायचो.

"सहा तास उडून पोचलात कुठे?" बायको विचारायची.

"स्वयंपाकघरात."

"मग येताना तेवढी भांडी लावून टाका."

एका सकाळी मी उतरण्याच्या घाईत टाकी बदलायची विसरलो. आठवलं तेव्हा जीभ चावली. मागे वळून पाहिलं तर टाकी बदललेली. खटका खाली. मला वाटलं मीच केलं असेल. निवृत्त माणसाला स्वतःवर असा संशय घ्यायची सवय लागतेच.

पुढच्या आठवड्यात पुन्हा तेच. मग मी आमच्या घरबसल्या उडणाऱ्यांच्या ग्रुपमधल्या एका वयस्कर गृहस्थांना फोन केला. तरुणपणी त्यांनी हेच विमान खरोखर उडवलं होतं. सगळे त्यांना कप्तान म्हणतात.

"कप्तान, या सॉफ्टवेअरमध्ये इंजिनिअरचं काम आपोआप होतं का?"

"तशी सोय आहे. तुम्ही चालू केली असेल."

"बंद आहे. तीनदा पाहिलं."

"मग नाही होत."

"पण माझा खटका खाली होता. खराखुरा खटका, भिंतीवरचा."

 "साहेब, सॉफ्टवेअरला बोटं नसतात," म्हणाले आणि हवापाण्याकडे वळले.

मी स्प्रिंग तपासल्या. खटके बदलले. नव्या खटक्यांनीही तेच केलं. मग एकदा मी नेहमीप्रमाणे यादी मोठ्यानं वाचत होतो आणि उत्तरंही मीच देत होतो. "इंधनाचे पंप?" असं विचारलं आणि ठसका लागला म्हणून थांबलो. मागून टक्, टक्, टक्, टक् असे चार आवाज आले. पंप चारच असतात.

त्या दिवशी मी वळून पाहिलं नाही. खोटं कशाला बोलू, हिंमत झाली नाही.

स्टुलाचं लक्षात यायला आणखी काही दिवस गेले. मी ते अगदी खाली उतरवून ठेवायचो, कारण उंच माणसाचे गुडघे भिंतीला लागतात. ते वर गेलेलं असायचं. मी दांड्यावर खडूनं खूण केली. दुसऱ्या दिवशी मोजलं. बरोबर तीन फेरे वर. बुटक्या माणसाचा हात सगळ्यात वरच्या रांगेपर्यंत पोचावा इतकं.

बायकोला विचारलं, "तू फिरवतेस का ते स्टूल?"

"मला काय, दुसरी कामं नाहीत?" मग माझ्याकडे नीट बघून म्हणाली, "अहो, तुमचा चेहरा का उतरलाय? डोकं दुखतंय का तुमचंही?"

दोघांचीही डोकी दुखत होती, थंडी सुरू झाल्यापासून. न्हाणीघरात कोंदट वाटतं, असंही ती म्हणाली होती. मी म्हटलं, भ्रम. माझ्या डोकेदुखीचं खापर मी चष्म्यावर फोडलं आणि तिच्या डोकेदुखीचं तिच्या स्वभावावर.

तो रविवार. न्याहारी करून मी लांबचं उड्डाण सुरू केलं होतं. समुद्रावरून, साडेसहा तासांचं. दुपारी अडीचच्या सुमारास ती दारात आली.

"कंबर धरलीय. जरा निवांत गरम पाण्यानं न्हाते. तुमचं ते दार लावून घ्या, त्या यादीची बडबड नको."

मी दार लावलं. जाळीपलीकडे गॅसचा गिझर भपकन पेटल्याचा आवाज आला. मी कानावर हेडफोन चढवला.

विमान तेहतीस हजार फुटांवर होतं. इतक्या उंचीवर बाहेरची हवा विरळ, म्हणून आत पंपानं हवा भरतात. आतली हवा किती फूट उंचीवरच्या हवेइतकी विरळ झालीय हे दाखवणारा एक काटा असतो. तो सहा हजारांवर असला की सगळे मजेत. दहा हजारांच्या वर गेला की भोंगा वाजतो, कारण त्यापुढे माणसाला गुंगी यायला लागते आणि आपल्याला गुंगी येतेय हेच कळत नाही.

वीसेक मिनिटांनी काटा सातवर होता.

मग आठवर.

मी पंप पाहिले, ठीक. झडप पाहिली, ठीक. सगळं ठीक असताना काटा चढतोय, म्हणजे काटा खोटारडा. कपाळ जड झालं होतं. दहा हजार. भोंगा वाजला.

मी बटण दाबून तो बंद केला.

पुन्हा वाजला. पुन्हा बंद केला. पुन्हा वाजला. वायर सैल असेल म्हणून मी हेडफोन काढून हातात घेतला.

भोंगा वाजतच होता. स्पीकर तर मी कधीच काढून टाकले होते. आवाज मागून येत होता, उजवीकडून, स्टुलाच्या बाजूनं.

"काही नाही, सेन्सर सैल आहे," मी मोठ्यानं म्हणालो.

आणि माझाच आवाज माझ्या कानावर पडला. तेच शब्द. तोच शहाणपणाचा, शांत सूर.

 भोंगा थांबत नव्हता. आधी भोंग्याचं ऐकायचं. ठीक आहे दादा. या वेळी ऐकतो. मी यादी उघडली. अक्षरं पोहत होती.

पहिलं कलम, स्वतःच्या नाकाला मास्क. माझ्याकडे कुठला मास्क? पण मास्क कशासाठी? हवेसाठी. मी उठलो, धडपडलो, खिडकीवरचा पुठ्ठा दोन्ही हातांनी ओरबाडून काढला. खिडकी सताड उघडली. थंड हवा तोंडावर आपटली.

दुसरं कलम, बाकीच्यांना विचारा.

"मागे सगळं ठीक?" मी विचारलं. स्टुलाकडे बघून विचारलं.

भोंगा थांबला.

त्या शांततेत दोनच आवाज उरले. जाळीपलीकडे जळणारा गिझर आणि भरून वाहणारी बादली.

बाकीचे. या घरात बाकीचं माणूस एकच होतं.

मी धावलो. हाका मारल्या. उत्तर नाही. न्हाणीघराचं दार जुन्या लाकडाचं, जाड. ते तोडायचं म्हणून मी खांदा पुढे करून अंग झोकून दिलं. दार अलगद उघडलं आणि मीच आत जाऊन आपटलो.

ती भिंतीशी पडली होती. श्वास चालू होता.

गिझर बंद केला. तिला चादरीत गुंडाळून ओढत बाहेर, गॅलरीत आणलं. शेजारी ओरडण्यानं धावून आले. पुढचं सगळं लवकर झालं.

इस्पितळात तिला प्राणवायू लावला. डॉक्टर म्हणाले, "हवा कोंडली की गॅस अर्धवट जळतो, आणि त्या विषारी वायूला वास नसतो. अजून दहा मिनिटं गेली असती तर..." आणि त्यांनी वाक्य पुरं केलं नाही. मीही त्याच खात्यात जन्म काढलाय, मला पुढचं येत होतं. खिडकी बुजवणारा मीच होतो, हेही मी त्यांना सांगितलं. लपवून काय मिळवायचं होतं?

पाच वाजता तिच्या उशाचा मॉनिटर वाजला. मी खुर्चीवरून उडालोच. "सिस्टर! सिस्टर, लवकर या!" असा ओरडलो की अख्खा वॉर्ड उठून बसला. नर्स धावत आली, वाकून पाहिलं आणि हसली. "काका, घाबरू नका. सेन्सर सैल आहे."

मी हसायला गेलो आणि माझं रडू फुटलं. तीन वर्षांचं होतं ते. नर्स बिचारी पाणी आणायला पळाली.

बायकोनं डोळे उघडले होते. "अहो, दार तोडलंत का हो? नवं करायला लागेल."

"नाही तोडलं. उघडंच होतं."

"काहीतरीच काय! कडी लावली होती मी. ती गंजकी कडी, दोन हातांनी ओढावी लागते. मला नाही का माहीत?"

 तिचा हात हातात धरून बसलो. मनात एकाच माणसाचे आभार मानत होतो आणि ते कितीही मानले तरी पुरे पडत नव्हते.

सहाच्या सुमारास वहिनी आली. तिला उशाशी बसवून मी कपडे आणायला घरी गेलो. मागच्या खोलीत दिवा लावला. उघड्या खिडकीतून वारा येत होता, फाटका पुठ्ठा फडफडत होता. स्क्रीन चालूच राहिले होते.

मी विमान समुद्रावर, तेहतीस हजार फुटांवर सोडून गेलो होतो. त्या काळच्या विमानात ऑटोपायलट असतो, पण तो फक्त नाकासमोर नेतो. खाली उतरवणं त्याला येत नाही. इंधन संपून ते एव्हाना समुद्रात गेलेलं असायला हवं होतं.

ते ठरलेल्या विमानतळावर उभं होतं. चारही इंजिनं बंद. ब्रेक लावलेला. दोन्ही पंखांतलं इंधन बरोबर सारखं.

मी उड्डाणाची नोंद उघडली. आतल्या हवेची रेघ पहिल्यापासून शेवटपर्यंत सहा हजारांवर सरळ होती. कुठेच चढलेली नव्हती. भोंगा वाजल्याची नोंद नाही. उतरण्याची नोंद मात्र होती. मला इतकं हळुवार उतरणं अजून एकदाही जमलेलं नाही.

मी स्टुलाकडे पाहिलं. खडूची खूण जिथल्या तिथे. स्टूल खाली होतं, माझ्या उंचीवर. त्यावर कुणी बसलं नव्हतं.

मग कॉम्प्युटर बंद करायला म्हणून मी माझ्या सीटवर बसायला गेलो आणि दोन्ही गुडघे फाडकन सुकाणूच्या फळीवर आपटले. वाकून पाहिलं. सीट पहिल्या खाचेत होती. पार पुढे. पाय जेमतेम पोचणाऱ्या माणसाला पेडल दाबता यावीत इतकी पुढे.

मी सीटच्या दांड्याला हात लावला नाही.

न्हाणीघराला आता स्वतःची खिडकी आहे, आणि माझ्या खोलीत कितीही उजेड येऊ दे, पुठ्ठा नाही. बायको ठणठणीत आहे. फक्त मी आता मागे का बसतो, असं ती विचारते. "पुढे कोण बसतं मग?" म्हणते. मी म्हणतो, आमचे दादा.

ती हसते, कारण मी हसत सांगतो. रविवारी मी स्टुलावर बसतो, यादी उघडतो, पंप लावतो आणि विचारतो, "पुढे सगळं ठीक?" लगेच काही होत नाही. मी घाई करत नाही. सात-आठ सेकंद जाऊ देतो. मग रिकाम्या सीटसमोरचे इंजिनांचे चारही दांडे एकदम, सावकाश, पुढे सरकतात.